पुकारा

अकरा वाजून वीस मिनिटांनी पहिली हाक दिली.
जयवंत धाकू तोडणकरऽ
माझा आवाज ओरोसच्या कोर्टात
झेरॉक्सच्या टपरीपर्यंत जातो,
वारा बरा असेल तर कॅन्टीनच्या कपबशांपर्यंत.
एक बाई वळली, पदर सावरला, पुन्हा पुढे बघत बसली.

मग उत्तरवादी. पर्शुराम राघो तोडणकरऽ
अपीलवालाच नाही तर याला कशाला ओरडायचं?
पण मी ओरडतो.
जेवायला बसताना शेजाऱ्याला
‘या जेवायला’ म्हणतात, तसं.

वालावलकर वकिलांची पुरसीस गेल्याच तारखेला लागली होती:
पक्षकाराकडून सूचना नाहीत.
साहेब म्हणाले, दुपारी परत घ्या.

चौदा वर्षांपूर्वी मी बेलीफ होतो.
या अपिलाची नोटीस मीच नेली होती,
एसटी, तर, आणि मग चप्पल हातात धरून वाळू.
पर्शुरामने सही केली,
वादातल्या माडाचा आडसर तासून पुढे धरला:
‘पिया, कोर्टाचोच माड आसा.’
गडग्यापलीकडून जयवंत ओरडला,
‘तो आडसर हिशोबात धरा!’
मी प्यालो. हिशोबात कुठे धरायचा
ते मला आजही ठाऊक नाही.

अकरा माड, तीन गुंठे.
चतुःसीमा मला पाठ आहे,
जुन्या फायली शिवताना पाठ होतातच:
पूर्वेस पाणंद, उत्तरेस देवस्थानचा व्हाळ,
दक्षिणेस पर्शुराम राघो यांचा मांगर,
पश्चिमेस समुद्र.
मोजणी दोनदा झाली, साक्षीदार उलटले,
पाणंदीच्या रुंदीवर उलटतपासणी चार दिवस चालली.
पश्चिमेबद्दल कुणाचीच हरकत नव्हती.

समुद्राला कुणी पक्षकार केलं नाही.
त्याच्यावर बजावायला मला कधी कागद दिला नाही.
तरी तो येत राहिला,
न चुकता, दिवसातून दोनदा.
आधी गडगा गेला.
मग एका उधाणात चार माड,
मुळं वर, झावळ्या खाली, जसं कुणी उलटं लावलंय.
मग मांगर.
मग, ऐकलं, जयवंत मुलाकडे विरारला गेला
आणि तारखांचं पोस्टकार्ड
वाडीतल्या बंद दुकानाच्या फळीखाली सरकवून
पोस्टमन परतत होता.

पावणेतीनला पुन्हा पुकारलं. तीन वेळा.
तिसऱ्या वेळी घसा बसला,
शब्दातला ‘कर’ राहिलाच.
रोजनाम्यात एक ओळ:
अपीलकर्ता व त्याचे वकील पुकारूनही गैरहजर,
सबब अपील काढून टाकण्यात येते.
कोण खरा, कोण खोटा,
साहेब त्यावर काही बोलले नाहीत.
बोलता येत नाही तसं.
माणूस समोर नसला की कायद्याला
त्याचं नसणं तेवढं लिहिता येतं.

तीस दिवस असतात.
कारण दाखवलं की अपील परत उभं राहतं.
एकतिसाव्या दिवशीही मी बोर्डावर बोट फिरवलं,
काय शोधतोय ते कारकुनाला सांगितलं नाही.

पर्शुराम भेटला तो कुडाळच्या बाजारात.
काजूच्या कारखान्यावर राखणीला असतो,
हातात टॉर्च, भर दुपारी.
‘काय ओ, निकाल कोणाच्या बाजूक लागलो?’
तुमच्या, म्हटलं. खालचा हुकूम कायम.
त्याने बोटं मोजली. अकराला बोटं पुरेनात,
तेव्हा टॉर्च दुसऱ्या हातात घेतली.
‘म्हणजे माड माझे.’
तुमचेच.
बराच वेळ तो सुकटीच्या ढिगाकडे बघत राहिला.
‘जयवंताक सांगूक होया,’ म्हणाला.
‘नंबर आसा काय तुमच्याकडे त्याचो?’

नंबर नव्हता.
फायलीत फक्त पत्ता आहे, दोघांचा एकच वाडीचा,
घर क्रमांक, पोस्ट, तालुका.
तिथे आता मुडदुशे फिरतात.
मी म्हटलं, बघतो,
आणि अर्धा किलो सुकट बांधून घेतली.